मी काही सुचवत नाही

आमच्या हॉस्पिटलची लिफ्ट एकदा बंद पडली. बंद पडल्याचं लहान मुलालाही कळलं असतं. दार अर्धवट उघडं, आत अंधार, आणि समोर हत्यारांची पेटी उघडून बसलेला मेकॅनिक. खाला मात्र खांद्याला पर्स लावून तिच्यासमोर शांत उभ्या. मी म्हटलं, "खाला, जिन्यानं जाऊ या, लिफ्ट बंद आहे." त्यांनी माझ्याकडे चष्म्यावरून पाहिलं आणि विचारलं, "कुठं लिहिलंय?"

शेवटी त्या मेकॅनिकलाच दया आली. त्यानं एका खोक्याचा पुठ्ठा फाडून त्यावर 'आउट ऑफ ऑर्डर' असं लिहिलं आणि दाराला अडकवलं, तेव्हा कुठे बाई जिना उतरल्या. उतरण्याआधी त्याच्याकडून खाली तारीख आणि सही घालून घेतली, ती वेगळीच.

खाला आमच्या बॉस. शारजातल्या एका मध्यम हॉस्पिटलात कोडिंग विभागाच्या प्रमुख. मूळच्या दापोलीच्या बाजूच्या, अठ्ठावीस वर्षं आखातात काढलेल्या, त्यातली पहिली दहा ऑपरेशन थिएटरमध्ये नर्स म्हणून. बाकी सगळे त्यांना मॅडम म्हणायचे. विभागात मराठी बोलणारी मी एकटीच, कराडहून आलेली. मला पहिल्याच आठवड्यात त्यांनी सांगून टाकलं, "मॅडम नको म्हणू गो. घरातली पोरं खाला म्हणतात, म्हणजे मावशी, तूही म्हण. पण कामात चुकलीस तर मॅडमच आहे मी."

कोडिंग म्हणजे काय, हे मला माझ्या आईला अजून नीट सांगता आलेलं नाही. ती गल्लीत सांगते, पोरगी दुबईला कॉम्प्युटरमध्ये आहे. मी राहते दुबईच्या इंटरनॅशनल सिटीत, चौघींत एक फ्लॅट, त्यामुळे दुबई तेवढी खरी. काम असं की डॉक्टर पेशंटचं जे काही करतात ते लिहून ठेवतात, आणि आम्ही हॉस्पिटलच्या तळघरात, लाँड्रीच्या शेजारी बसून ते वाचतो आणि त्याला आकडे लावतो. प्रत्येक आजाराला आकडा, प्रत्येक ऑपरेशनला आकडा. पोपट चावला तर एक, बदक चावलं तर दुसरा. हे आकडे विमा कंपनीकडे जातात आणि पेशंटच्या नोंदीत कायमचे राहतात. पुढे तो कुठल्याही डॉक्टरकडे गेला तरी डॉक्टर आधी आकडे पाहतो, मग माणूस. वेळ उरला तर.

अपघातांच्या आकड्यांत तर फारच बारकावे. थायरॉइडसारख्या ग्रंथीचं ऑपरेशन चाललेलं असताना चुकून ती किंवा तिच्या शेजारची ग्रंथी कापली गेली, तर एक आकडा. ऑपरेशन भलत्याच कशाचं चाललं होतं आणि मध्येच ग्रंथीला सुरी लागली, तर दुसरा. चोर घरातला होता की बाहेरून आला, एवढाच फरक. पण आकडे करणाऱ्यांनी दोन्ही चोरांची सोय करून ठेवली आहे.

घोळ असा की हा आकडा आम्हाला मनानं लावता येत नाही. अपघाती इजा झाली असं डॉक्टरनं स्वतः लिहायला लागतं. आणि आपणहून तसं लिहिणारा सर्जन खालांना अठ्ठावीस वर्षांत भेटला नव्हता. सर्जन लिहितात, 'फाट आढळली.' जणू ती फाट तिथं आधीपासून भाड्यानं राहत होती आणि हे नुसते चौकशीला गेले होते.

मग आम्ही डॉक्टरला लेखी प्रश्न पाठवायचा. त्याला क्वेरी म्हणतात. क्वेरीचा पहिला नियम म्हणजे उत्तर सुचवायचं नाही. 'साहेब, तुमच्या हातून कापलं गेलं का?' असं विचारलं, तर ते सुचवणं झालं, लीडिंग. विचारायचं असं: नोंदीत फाट आढळल्याचा उल्लेख आहे, कृपया तिचं स्वरूप स्पष्ट करावं. पर्याय एक, ऑपरेशनचा अपरिहार्य भाग. दोन, अपघाती इजा. तीन, इतर. चार, सांगता येत नाही. डॉक्टर मंडळी चौथ्यावर टिचकी मारून जेवायला जातात. स्वतःच्या हातानं काय केलं हे ज्याला सांगता येत नाही अशा माणसाच्या हाती सुरी का देतात, असा प्रश्न मी एकदा विचारला. खाला म्हणाल्या, "हा प्रश्न लीडिंग आहे."

हा नियम त्यांच्या इतका अंगात भिनला होता की त्या घरीदारीही सरळ प्रश्न विचारत नसत. अल मजाजला खाडीकाठच्या एका टॉवरमध्ये त्या आणि त्यांचा मुलगा राहायचे. नवरा गेल्याला बरीच वर्षं झाली होती. मुलगा इंजिनियरिंगच्या शेवटच्या वर्षाला. ऑफिसातून त्याला फोन करायच्या तो असा: "आज दुपारच्या जेवणाबाबत काय परिस्थिती आहे? जेवलास, नाही जेवलास, इतर काही, की सांगता येत नाही?" पलीकडून पोरगा शांतपणे म्हणायचा, "Option three, Mamma. Shawarma." भाजीवाल्याला कोथिंबीर ताजी आहे का असं विचारणंही त्यांना गैर वाटायचं. "ये धनिया कब आया, कैसे आया, आप बताइए. मैं कुछ सजेस्ट नहीं कर रही." भाजीवाला बिचारा घाबरून जुडी फुकट द्यायचा.

आमच्यातली एक केरळची मुलगी एकदा पॅन्ट्रीतल्या ओल्या फरशीवर घसरून पडली. आम्ही धावलो. खाला पुढे झाल्या आणि तिच्याजवळ उकिडव्या बसून विचारायला लागल्या, पडलीस तेव्हा चालत होतीस की उभी होतीस, हातात काय होतं, ड्युटीवर होतीस की ब्रेकवर. ती रडत रडत उत्तरं देत होती. चार आकडे पूर्ण झाल्यावर खालांनी तिला हात दिला. मग स्वतः तिच्या पायाला बर्फ लावत तासभर बसून राहिल्या, दुपारी गाडीनं घरी सोडून आल्या आणि दुसऱ्या दिवशी तिच्यासाठी सांदण करून आणलं. पण आकडे आधी.

हॉस्पिटलच्या मेडिकल डायरेक्टरसाहेबांशी मात्र त्यांचं जुनं युद्ध होतं. साहेब गळ्याच्या ऑपरेशनांत नावाजलेले. सर्जन तेच आणि सर्जनांच्या चुका तपासणाऱ्या कमिटीचे अध्यक्षही तेच, त्यामुळे चुका होत नसत. दर तिमाहीला लॉबीत केक कापला जाई. त्यावर चॉकलेटच्या क्रीमनं मोठं शून्य काढलेलं असे आणि खाली 'कॉम्प्लिकेशन्स' असं लिहिलेलं. फोटो निघत, टाळ्या वाजत, आणि ज्यांच्या फायलींमध्ये फाटा आढळल्या होत्या ते पेशंट दोन मजले वर झोपलेले असत. खालांना कुणी केकची बशी दिली की त्या म्हणत, "आधी पुरावा दाखवा, मग खाते."

आणि मग खालांच्याच गळ्यावर गाठ आली.

हळूहळू वाढत होती, त्यांनी वर्षभर ओढणी लावून ती लपवली. गिळायला त्रास व्हायला लागला तेव्हा पूर्ण थायरॉइड काढायचं ठरलं. कुणाकडून करून घेणार, असं विचारल्यावर त्यांनी साहेबांचं नाव घेतलं. मी चाट पडले. त्या म्हणाल्या, "हात चांगला आहे गो त्याचा. मी थिएटरमध्ये होते, मला कळतं. लिहायला तेवढं येत नाही." संमतीच्या फॉर्मवर सही करायला पाऊण तास घेतला आणि त्यातल्या तीन चुका लाल पेननं दुरुस्त करून दिल्या.

ऑपरेशन सोमवारी झालं. बुधवारी सकाळी फाइल तळघरात आली आणि नेमकी माझ्या यादीत पडली. ऑपरेशनच्या नोंदीत शेवटून तिसरी ओळ होती: खालच्या दोन्ही पॅराथायरॉइड ग्रंथींना फाट आढळली, रक्तस्राव थांबवला, पेशंट सुखरूप.

पॅराथायरॉइड म्हणजे थायरॉइडच्या पाठीमागे चिकटलेल्या तांदळाच्या दाण्याएवढ्या चार ग्रंथी. रक्तातलं कॅल्शियम त्यांच्या ताब्यात. त्या दुखावल्या की आधी ओठांना आणि बोटांना मुंग्या येतात, मग पेटके, आणि दुर्लक्ष केलं तर जिवावर बेततं. वेळेवर गोळ्या मिळाल्या तर माणूस धडधाकट जगतो. पण त्या का लागतात हे कागदावर असायला हवं, नाहीतर प्रत्येक नवा डॉक्टर पहिल्यापासून सुरुवात करणार.

मी नियमानं क्वेरी टाकली. चार पर्याय, काहीही न सुचवता. मनातून थोडी ऐटच वाटली, की खाला बऱ्या होऊन आल्या की दाखवीन.

दुपारी त्यांना भेटायला वर गेले. त्या उशाला टेकून बसल्या होत्या, गळ्याला पट्टी, आणि चहाचा कप दोन्ही हातांनी धरलेला. एका हातात तो राहत नव्हता. मी बोटांकडे पाहिलं, त्यांनी ते पाहिलं.

"क्वेरी टाकलीस?"

"हो. आज सकाळीच."

"मागे घे."

मला वाटलं, भुलीचा अंमल उतरला नसावा. त्या खालच्या आवाजात म्हणाल्या, "साहेब सकाळी येऊन गेले. माझ्या तब्येतीची चौकशी केली. जाता जाता म्हणाले, मॅडम, आपका रिन्यूअल मेरे टेबल पे है." साठ पूर्ण झाल्यावर आमच्या हॉस्पिटलात दर वर्षी नव्यानं मंजुरी लागते, आणि खालांना पुढच्या महिन्यात साठ वर्षं पूर्ण होणार होती. "पोराची परीक्षा तीन महिन्यांवर आलीय. तो माझ्या व्हिसावर आहे. माझा गेला की त्याचा गेला, खलास."

"खाला, तुम्हीच शिकवलंत ना..."

"शिकवलं ते कोडरनं. आता पेशंट बोलतेय. मागे घे गो पोरी."

त्या बाईला मी कधी कुणाची विनवणी करताना पाहिलं नव्हतं. मी खाली गेले, क्वेरी मागे घेतली, कारणाच्या रकान्यात 'चुकून पाठवली' असं लिहिलं आणि फाइल बंद केली. कॉम्प्लिकेशन नाही. खोटं कशाला सांगू, मला सुटल्यासारखं झालं. मेडिकल डायरेक्टरशी भांडायची माझी काही छाती नव्हती. त्यात पेशंटनंच नको म्हटलं, म्हणजे सोन्याहून पिवळं.

तीन आठवड्यांनी त्या तपासणीला गेल्या तेव्हा पोराची कॉलेजात चाचणी होती म्हणून सोबत मी होते. घरी जाताना दिलेल्या गोळ्या संपल्या होत्या आणि मुंग्या पुन्हा सुरू झाल्या होत्या. त्यांनी ते साहेबांना सांगितलं. साहेब स्क्रीनकडे बघत टाइप करत होते.

"मॅडम, टेन्शन है, और कुछ नहीं. इस उमर में होता है. कॉर्निश पे, पानी के किनारे, वॉक कीजिए, इन्शाल्ला सब ठीक हो जाएगा."

त्यांनी कागद छापून दिला. खालांनी पर्समधून वाचायचा चष्मा काढला, तो लावला आणि कागद शेवटपर्यंत वाचला.

"डॉक्टर, आपने एन्झायटी लिखा है."

"हाँ, माइल्ड."

"फिर कोड एन्झायटी का लगेगा."

"लगने दो ना, मॅडम. कोड से क्या फरक पड़ता है?"

मी डोळे मिटून घेतले. ग्रंथी कापली गेली, ते त्यांनी गिळलं होतं. ती लपवली गेली, तेही गिळलं होतं. पण चुकीचा आकडा? आणि तोही स्वतःच्या नावासमोर?

"सिस्टर," त्या कोपऱ्यातल्या नर्सला म्हणाल्या, "बीपी का कफ लगाइए. ऊपर तक हवा भरिए और वहीं रोकिए. तीन मिनट."

सिस्टरनं साहेबांकडे पाहिलं. साहेबांनी खांदे उडवले. कफ फुगला. खाला भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत बसल्या. मिनिटभर काही झालं नाही. मग त्यांचं मनगट हळूहळू वाकलं, अंगठा आत गेला आणि बोटं एकमेकांना चिकटून खाली वळली, भाताचा घास उचलताना वळतात तशी. फक्त त्यांना ती उघडता येत नव्हती. दुखत असणार, कारण कपाळावर घाम आला होता. मला रडू यायला लागलं. आणि आठवलं की फाइल मी बंद केली आहे.

"बस, बस, निकालो," साहेब उठून उभे राहिले.

"अभी एक मिनट बाकी है, डॉक्टर." खालांनी तो वाकलेला हात तसाच त्यांच्या टेबलावर, कीबोर्डच्या शेजारी ठेवला. "मैं कुछ सजेस्ट नहीं कर रही. जो दिख रहा है, वो लिखिए."

साहेब त्या हाताकडे पाहत राहिले. वीस वर्षं गळे उघडणाऱ्या माणसाला कॅल्शियम कमी पडलं की हात असाच वळतो हे कळत नसेल असं होणार नाही. ते खाली बसले, एन्झायटी खोडली आणि स्वतः टाइप केलं: ऑपरेशनदरम्यान दोन्ही ग्रंथींना अपघाती इजा, त्यामुळे कॅल्शियमची कमतरता, उपचार दीर्घकाळ लागतील. मान वर केली नाही. मला त्या क्षणी त्यांचीही कीव आली, आणि असं वाटलं की आता बहुतेक सगळं ठीक होणार.

रिन्यूअलचं पत्र दहा दिवसांनी आलं. संस्थेच्या नव्या रचनेत हे पद समाविष्ट नसल्यानं मंजुरी देता येत नाही, आपल्या दीर्घ सेवेबद्दल संस्था ऋणी आहे. सही साहेबांचीच. खालांनी पत्र दोनदा वाचलं, 'दीर्घ' शब्दाखाली रेघ मारून बाजूला 'किती ते स्पष्ट करा' असं लिहिलं आणि ड्रॉवरमध्ये ठेवलं. मुलाची सोय विद्यापीठाच्या व्हिसावर झाली, त्यानं मित्रांसोबत खोली घेतली. अल मजाजचा फ्लॅट सोडायचा, सामान कार्गोनं दापोलीला पाठवायचं. त्या तिमाहीला केक आला नाही, याचा विभागात सगळ्यांनाच आनंद झाला. खालांना झाला की नाही ते कळलं नाही.

नोटिशीच्या शेवटच्या आठवड्यातही त्यांनी काम सोडलं नाही. वार्षिक ऑडिट चालू होतं. प्रत्येकीच्या शंभर फायली तपासून मार्क द्यायचे असतात. पंच्याण्णवला सीनियर होता येतं, त्याखाली नाही. मला तोवर पंच्याण्णवच होते, काठावर. शेवटच्या दिवशी त्यांनी मला बोलावून कागद समोर सरकवला. चौऱ्याण्णव.

कापलेल्या मार्कासमोर त्यांच्याच फाइलचा नंबर होता. शेरा: इजेचा उल्लेख असूनही क्वेरी मागे घेतली. जबाबदार, कोडर.

माझा तोल गेला. "खाला, तुम्हीच सांगितलंत मागे घे म्हणून! हात जोडायचे बाकी ठेवले होते तुम्ही!"

"मी कुठं सांगितलं? पेशंटनं सांगितलं." त्यांचा आवाज शांत होता. "पेशंट घाबरलेला असतो गो. त्याच्या पोराचा व्हिसा असतो, त्याची नोकरी असते. तो म्हणणारच मागे घे. म्हणून तर त्याचं ऐकायचं नसतं. तू घाबरलेली नव्हतीस ना?"

मी मार्कांचा कागद पुन्हा वाचायला घेतला.

"होतीस?"

"हो."

"मग तसं लिही," त्या म्हणाल्या आणि पेन माझ्यापुढे केलं.

मी लिहिलं नाही. नुसती सही केली. त्यांनी आग्रह केला नाही. जाताना माझ्या डोक्यावरून हात फिरवला. आता त्या दापोलीत असतात. गोळ्या चालू आहेत. तालुक्याच्या डॉक्टरनं कागद एकदा वाचला आणि एकही प्रश्न न विचारता चिठ्ठी लिहून दिली, असं त्यांनी फोनवर कौतुकानं सांगितलं.

गेल्या महिन्यात मी दुसऱ्या एका हॉस्पिटलात सीनियरच्या जागेसाठी मुलाखतीला गेले. समोर तिघं बसले होते. त्यांनी माझे गेल्या काही वर्षांचे मार्क पाहिले. सगळीकडे सत्त्याण्णव, अठ्ठ्याण्णव, आणि मध्येच एका वर्षी चौऱ्याण्णव. मधल्या बाईंनी त्यावर बोट ठेवलं. "उस साल क्या हुआ था? ऑडिटर स्ट्रिक्ट था?"

हो म्हटलं असतं तर विषय तिथंच संपला असता. त्या बाईंनी उत्तर माझ्या तोंडात आयतंच घातलं होतं.

"नहीं मॅडम," मी म्हटलं. "मुझे दिख रहा था. मैंने पूछा भी था. फिर डर के मारे वापस ले लिया."

तिघांनीही आपापल्या कागदावर काहीतरी लिहिलं.